तळ्याला सागर म्हणणारा प्रदेश

१

जबलपूरच्या ओमतीचे नाव घेतले की आज एक चौक, एक पोलीस ठाणे, दाट बाजारवस्ती आणि त्या वस्तीतून जाणारा एक नाला डोळ्यांसमोर येतो. पाणी आटले किंवा काळवंडले तरी त्याचे नाव मात्र वस्तीला चिकटून राहते, ही गोष्ट या शहरात पावलोपावली जाणवते. राणीताल, चेरीताल, आधारताल ही नावे आज मोहल्ल्यांची आहेत. चेरीतालच्या जागी घरे उभी आहेत, राणीतालच्या परिसरात क्रीडासंकुल आहे. लोक मात्र अजून ‘बावन तालांचे शहर’ असे अभिमानाने म्हणतात, आणि राणीताल राणी दुर्गावतीने बांधला, चेरीताल तिच्या दासीने आणि आधारताल तिच्या दिवाणाने, अशी आख्यायिका सांगतात. १५६४ साली मोगल सैन्याशी लढताना पडलेली ही राणी इतिहासात शौर्यासाठी ओळखली जाते. लोकांच्या स्मरणात ती पाण्यामुळेही राहिली आहे.

या साऱ्या मुलखाचा एक भाषिक विशेष लक्षात घेण्याजोगा आहे. येथे मोठ्या तळ्याला सहजपणे ‘सागर’ म्हणतात. गढ्याच्या बाजूला संग्रामसागर आहे. उत्तरेकडच्या सागर या शहराचे नावच तेथल्या तळ्यावरून पडले आहे. छत्तीसगडातील राजनांदगावी राणीसागर आणि बूढासागर शेजारी शेजारी आहेत. समुद्रकिनाऱ्यापासून शेकडो मैल आत राहणाऱ्या लोकांनी आपल्या ओंजळीएवढ्या पाण्याला सागर म्हणावे, यात केवळ अतिशयोक्ती नाही. ज्याचा तळ दिसत नाही आणि ज्याच्या पोटात काय आहे हे सांगता येत नाही असे कोणतेही पाणी समुद्रच होय, असा एक अबोल सिद्धांत या नामकरणामागे असावा.

नर्मदेच्या खोऱ्याला खऱ्या समुद्राचीही ओळख आहे. क्रिटेशस काळात समुद्राचा एक फाटा पश्चिमेकडून या खोऱ्यात शिरला होता आणि धार जिल्ह्यातील बाघ परिसराच्या खडकांत त्याचे जीवावशेष सापडतात. जबलपूरजवळच्या लम्हेटा घाटावरून ज्या खडकांना नाव मिळाले, त्या थरांतील महाकाय सरीसृपांची हाडे १८२८ साली स्लीमन यांच्या हाती लागली. हे थर नदी-तळ्यांचे की समुद्राच्या कडेचे, यावर भूशास्त्रज्ञांत दीर्घकाळ वाद झाला. वाङ्मयाच्या अभ्यासकाला या वादात पडण्याचे कारण नाही. मात्र भूमीच्या पोटात एक समुद्र गाडला गेलेला आहे ही कल्पना येथे कवीने निर्माण करण्याआधीच निसर्गाने करून ठेवली आहे, एवढे नोंदवावेसे वाटते.

प्रस्तुत लेखाचा विषय भारलेले अंतर्देशीय पाणी हा आहे: कथाकाव्यात येणारे, नकाशावर नसणारे, मंत्रलेले तळे किंवा भूवेष्टित समुद्र. अद्भुताच्या वाङ्मयात हे पाणी वारंवार येते. आपल्या समीक्षेने त्याकडे बहुधा नेपथ्य म्हणून पाहिले आणि ज्या कृतीत ते आले तिला रंजनपर ठरवून पुढची वाट धरली. या पाण्याच्या तळाशी एक नैतिक प्रश्न असतो आणि तो प्रश्न किती खोल जातो यावरून अद्भुताची प्रत ठरते, असे येथे मांडावयाचे आहे.

२

आरंभ आपल्या घरातल्या कहाणीपासून करणे योग्य होईल. श्रावणातील शिळासप्तमीची कहाणी मराठी घरांतून पिढ्यान्‌पिढ्या ऐकली गेली. राजाने गाव वसवले, तळे खणले, परंतु तळ्याला पाणी लागेना. जलदेवतांनी सांगितले, सुनेचा वडील मुलगा बळी दिलास तर पाणी लागेल. राजाने सुनेला माहेरी पाठवले आणि तिच्या पाठीमागे नातवाला न्हाऊमाखू घालून, दागिन्यांनी नटवून, तळ्यात निजवले. तळे भरले. पुढे सून सासरी परतताना वाटेत ते तळे लागले. त्या दिवशी सप्तमी होती. तिने काठावर पूजा केली आणि आपल्या वंशातले कोणी या पाण्यात बुडाले असेल तर ते परत मिळो, असे मागणे मागितले. तेव्हा पाण्यातून कोणी तिचे पाय ओढू लागले. पाहते तो तिचाच मुलगा.

कहाणी व्रताचे माहात्म्य सांगून संपते, आणि आपणही तिला तेवढ्याच मापाने मोजतो. परंतु तिची रचना पाहिली तर एक विलक्षण गोष्ट ध्यानात येते. आईला बळीची वार्ताच नाही. तिचे मागणे सर्वनामांत आहे: कोणी बुडाले असेल तर. आपल्या मुलासाठी ती रडत नाही. ज्याचे नाव तिला ठाऊक नाही अशा बुडालेल्यासाठी ती हात पसरते. वाचणाऱ्याला ठाऊक आणि पात्राला अज्ञात असा हा उपरोध एखाद्या शोकनाट्याला शोभावा. गावाची तहान आणि आईचे मूल या दोहोंतले एक निवडणारा राजा दुष्ट म्हणून रंगवलेला नाही. लोककल्याणाची किंमत मोजताना ती सुनेच्या पदरातून, तिला न विचारता मोजली गेली, हे मात्र कहाणी लपवीत नाही. पाण्याच्या अद्भुतामागे येथे उघडउघड घरातली सत्ता उभी आहे.

तळे खणले, पाणी लागेना आणि मग बळी दिला, हे आशयसूत्र देशात अनेक ठिकाणी सापडते. सागर शहराच्या तळ्याविषयी लाखा बंजाऱ्याची जी आख्यायिका सांगितली जाते, तिच्यातही पाणी असेच पोटच्या माणसांच्या बळीने येते. मराठी कहाणीचे वेगळेपण तिच्या उत्तरार्धात आहे. इतरत्र पाणी जे घेते ते ठेवते. येथे मागितल्यावर परत देते. सामान्य सांसारिक बाईच्या प्रार्थनेला कहाणीकर्त्यांनी एवढे सामर्थ्य का दिले असावे? ज्या घरात तिला प्रश्न विचारण्याची मुभा नव्हती, त्या घराविरुद्धची तिची दाद कहाणीने पाण्याकडे नेली, हे त्याचे एक उत्तर होऊ शकेल.

३

पाणी दाद घेते तसे ते प्रश्नही विचारते. महाभारताच्या आरण्यकपर्वाच्या अखेरीस तहानलेले पांडव एकामागून एक ज्या तळ्यावर जातात, ते पाणी यक्षाच्या मालकीचे आहे. उत्तर दिल्यावाचून जो पितो तो मरतो. युधिष्ठिर उत्तरे देतो, आणि एकाच भावाला उठवता येईल असे कळल्यावर भीमार्जुनांना सोडून नकुलाला मागतो. कारण कुंतीचा एक मुलगा, म्हणजे तो स्वतः, जिवंत आहे, मग माद्रीचाही एक असावा. प्रश्नोत्तरांची चर्चा आपल्याकडे उदंड झाली. पण तळे जिंकले गेले ते पांडित्याने नव्हे, तर अनुपस्थित, मृत सावत्र आईचा वाटा लक्षात ठेवल्याने. शिळासप्तमीची सून आणि युधिष्ठिर यांत फार मोठे सामाजिक अंतर आहे. तरी दोघांच्याही बाबतीत पाणी वश होते ते ‘माझे’ या शब्दाचा अर्थ रुंदावल्यावरच.

तिसरे पाणी बाहेरून आले आणि मराठीत स्थिरावले. कृष्णशास्त्री चिपळूणकरांनी एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात अरबी कथांचे भाषांतर हाती घेतले. विष्णुशास्त्री चिपळूणकर व हरि कृष्ण दामले यांनी ते पुढे नेले. कोळी आणि राक्षस यांच्या मूळ गोष्टीत चार टेकड्यांमधले एक तळे आहे. त्यात पांढरे, तांबडे, निळे व पिवळे मासे आहेत. शोध घेताना राजाला कळते की हे तळे म्हणजे एक नगर आहे; मासे म्हणजे त्यातले निरनिराळ्या धर्मांचे नागरिक; टेकड्या म्हणजे त्या राज्याची बेटे; आणि तेथला तरुण राजा कमरेपासून खाली दगड झाला आहे. जादूगार राणीने हे सारे केले आहे.

या कथेतील एक तपशील समीक्षकांच्या नजरेतून सुटू नये. मंत्र उतरतो, मासे पुन्हा माणसे होतात, तेव्हा पाहुण्या राजाला समजते की थोड्या वाटचालीत गाठलेली ही जागा त्याच्या राजधानीपासून प्रत्यक्षात वर्षभराच्या अंतरावर आहे. तळे जवळ होते ते मंत्रामुळे. लोक मुके असेपर्यंत त्यांचे दुःख आपल्या स्वयंपाकघरातल्या कढईत येऊन पडत होते; ते बोलते झाले आणि दूर गेले. अद्भुत हे वास्तवापासून दूर नेते, या नेहमीच्या आक्षेपाला या एका तपशिलात उत्तर आहे. येथे अद्भुतानेच दूरचे नगर हाताच्या अंतरावर आणले.

पाश्चात्त्य कल्पनासृष्टीतील एका उदाहरणाशी याची तुलना उद्बोधक ठरते. टॉल्किन यांच्या ‘द सिल्मरिलियन’ या १९७७ साली, लेखकाच्या मृत्यूनंतर प्रसिद्ध झालेल्या ग्रंथात हेल्कार नावाचा भूवेष्टित समुद्र आहे. जगाला उजळणाऱ्या दोन दीपस्तंभांपैकी एक कोसळला, त्या जागी तो झाला. आणि त्याच्याच एका उपसागराच्या काठी, ताऱ्यांच्या उजेडात, एल्फ ही आदिजमात प्रथम जागी झाली. विनाशाच्या खळग्यातून जागृती, ही कल्पना भव्य आहे. पुढे भूमीची रचनाच पालटते आणि त्या काठाकडे परतण्याची वाट उरत नाही. म्हणून या समुद्राचा स्थायी सूर गतकाळाच्या विरहाचा आहे. आपल्या कहाणीतले, यक्षाचे आणि अरबी कथेतले पाणी विरहाने व्याकुळ होत नाही. ते परतफेड मागते. पहिल्यात हरपलेल्या उगमाची ओढ आहे, तर दुसऱ्यांत बुडालेल्या माणसाचा हिशेब आहे. दोन्ही थोर कलाव्यवहार आहेत. परंतु एकाची मोजपट्टी दुसऱ्याला लावल्याने आपले अद्भुत आपल्यालाच बालिश वाटू लागले, हे मान्य करावयास हवे.

४

आधुनिक काळात हा हिशेब सर्वाधिक गांभीर्याने मांडला तो मराठी घरात जन्मलेल्या, परंतु हिंदीत लिहिणाऱ्या कवीने. गजानन माधव मुक्तिबोध (१९१७–१९६४) ग्वाल्हेर संस्थानातील श्योपूरला जन्मले. १९४० च्या दशकाच्या उत्तरार्धात काही काळ ते जबलपुरात होते. पुढे नागपूर आणि १९५८ पासून राजनांदगाव. तेथल्या दिग्विजय महाविद्यालयात ते शिकवीत आणि राहत त्या जुन्या राजवाड्याच्या वास्तूला राणीसागर व बूढासागर यांचे पाणी लागून होते. जबलपूरशी त्यांचे नाते नोकरीपुरते राहिले नाही. हरिशंकर परसाई यांनी जबलपूरहून चालवलेल्या ‘वसुधा’ मासिकात त्यांचे डायरीवजा लेखन प्रसिद्ध होत असे. पुढे ‘एक साहित्यिक की डायरी’ या पुस्तकात आलेल्या या लेखनात त्यांनी कलानिर्मितीचे तीन क्षण सांगितले: पहिला उत्कट अनुभवाचा; दुसरा तो अनुभव आपल्या दुखऱ्या मुळांपासून सुटून डोळ्यांपुढे फँटसी होऊन उभा राहण्याचा; तिसरा त्या फँटसीला शब्द मिळण्याचा. प्रसादांच्या ‘कामायनी’लाही त्यांनी १९६१ च्या पुनर्विचारात एक विशाल फँटसी म्हणून वाचले. फँटसी म्हणजे अनुभवातून पळ नव्हे, तर अनुभवाला स्वतःबाहेर उभे करून पाहण्याची अट, हा विचार अशा रीतीने तळी बुजवीत चाललेल्या या शहरातील एका मासिकाशी जोडला गेला आहे.

त्यांच्या कवितेतील दोन पाणी येथे पाहू. ‘ब्रह्मराक्षस’ या कवितेत शहराबाहेरच्या भग्न वस्तीकडे एक बारव आहे. तिच्या थंड, काळ्या खोलीत ब्रह्मराक्षस राहतो. ज्ञानी, अहंकारी, अतृप्त असा तो अंगाचा मळ काढण्यासाठी अहोरात्र स्वतःला घासत असतो आणि मळ काही जात नाही. उन्हाची तिरीप तळापर्यंत आली की त्याला वाटते, सूर्याने आपल्याला नमस्कार केला. बारवेच्या काठी औदुंबर उभे आहेत. तो शब्द हिंदीत संस्कृताच्या वाटेने येतो. मराठी वाचकाला मात्र त्यापाठोपाठ दत्ताचा पार, पादुका आणि भूतबाधेच्या हकिकती आठवल्यावाचून राहत नाहीत. कवितेच्या अखेरीस निवेदकाला त्या ब्रह्मराक्षसाचा शिष्य व्हावेसे वाटते, त्याचे अपुरे राहिलेले काम तडीस न्यावेसे वाटते. येथे राक्षसाला मंत्राने घालवून देण्याचा रिवाज मोडला आहे. बुडालेल्याची सुटका त्याचे ऋण उचलण्यात आहे.

दुसरे पाणी ‘अंधेरे में’ या दीर्घ कवितेत आहे. ती १९६४ साली ‘कल्पना’ मासिकात ‘आशंका के द्वीप: अंधेरे में’ या शीर्षकाने आली, त्याच वर्षी कवीचे निधन झाले आणि ‘चाँद का मुँह टेढ़ा है’ हा संग्रह निघाला. शहराबाहेर, टेकडीपलीकडे एक निश्चल तळे आहे. त्या काळ्या आरशातून एक पांढरी आकृती वर येते, एक चेहरा दिसतो, तो हसतो, आणि ओळख पटण्याआधीच भय दाटते. पुढे तिलिस्मी गुहेचे दार उघडते आणि रक्तवर्ण प्रकाशात न्हालेला एक पुरुष दिसतो. तिलिस्म ही देवकीनंदन खत्री यांच्या ‘चंद्रकांता’ने लोकप्रिय केलेली रंजनाची सामग्री. मुक्तिबोधांनी ती उचलली आणि तिच्यातील रहस्याच्या जागी एक लज्जा ठेवली: पाण्यातला तो चेहरा निवेदकाच्याच न जगलेल्या, न बोललेल्या सत्याचा आहे. बुडालेला दुसरा कोणी नाही. त्याला बुडवणारे आपणच आहोत. शिळासप्तमीच्या कहाणीत राजाला जे कबूल करावे लागले नाही, ते येथे मध्यमवर्गीय सुशिक्षिताला करावे लागते.

हे वाचताना त्यांचे धाकटे बंधू शरच्चंद्र मुक्तिबोध यांची आठवण अटळ आहे. ते मराठीत लिहीत राहिले. ‘सृष्टी, सौंदर्य आणि साहित्यमूल्य’ या त्यांच्या ग्रंथाला १९७९ चा साहित्य अकादेमी पुरस्कार मिळाला. साहित्यमूल्याच्या विचारात त्यांनी ‘मानुषता’ ही संकल्पना मध्यवर्ती मानली. एका भावाने हिंदीत फँटसीचे शास्त्र रचले, दुसऱ्याने मराठीत मानुषतेचे. या दोन विचारांना एकमेकांसमोर ठेवून पाहण्याचे काम आपण फारसे केलेले नाही, कारण मध्ये भाषेची भिंत आली. वस्तुतः एकाच्या सिद्धांताला दुसऱ्याच्या कसोटीची गरज आहे. फँटसी अनुभवाला मुळांपासून सोडवते खरी. पण सुटल्यावर ती माणसाकडे परतते की नाही, हे ठरवायला मानुषतेवाचून निकष नाही. आणि मानुषतेलाही भावुक सदिच्छेपासून वाचवायचे तर तिला काळ्या पाण्यात उतरावे लागते.

५

ही कसोटी प्रामाणिकपणे लावली तर मुक्तिबोधांच्या पाण्याचीही एक मर्यादा दिसते. बारवेच्या तळाशी एक पुरुष आहे, तळ्याच्या आरशात एक पुरुष आहे आणि काठावर पाहणाराही पुरुष आहे. हा ज्ञानवंताचा आपल्या सद्सद्विवेकाशी चाललेला एकांत संवाद आहे. ज्या सुनेच्या मुलाने तळे भरले, तिची जागा या दोन पाण्यांत नाही. ‘न बोललेले सत्य’ हे दुःख त्याचेच असू शकते ज्याला बोलण्याची सोय होती. या मर्यादेमुळे त्या कवितांची थोरवी उणावत नाही. मात्र जुन्या कहाणीला आपण मागे टाकले, हा आधुनिकांचा समज उणावतो. कवीने ज्याचा शोध आयुष्यभर घेतला, ते दुसऱ्याच्या बुडण्याशी असलेले आपले नाते, कहाणीतील निरक्षर बाईने एका वाक्यात ओळखले होते.

मराठी गद्यातही अद्भुताच्या पुनर्वसनाचा प्रयत्न झाला. जी. ए. कुलकर्णी यांच्या ‘रमलखुणा’ (१९७५) मधील ‘प्रवासी’ आणि ‘इस्किलार’ या दीर्घकथांचा भूगोल कोणत्याही नकाशात नाही, आणि त्यांना रंजनपर म्हणण्याचे धाडस कोणी केले नाही. परंतु या कथांची चर्चा नियती, प्रतीक, एकाकीपण या शब्दांभोवती फिरत राहिली. परक्या नावांच्या त्या मुलखाचे आपल्या कहाण्यांशी, आपल्या तळ्या-बारवांशी काही गोत्र आहे काय, हा प्रश्न अजूनही पुरेसा विचारला गेलेला नाही.

वास्तवातही अशी पाणी आहेत. बुलढाणा जिल्ह्यातील लोणारचे खारे सरोवर उल्कापाताने झालेल्या, सुमारे १.८ किलोमीटर व्यासाच्या विवरात आहे. लोकांनी तेथे लवणासुर पाहिला आणि त्याला मारणाऱ्या दैत्यसूदनाचे देऊळ बांधले. जून २०२० मध्ये ते पाणी गुलाबी झाले, तेव्हा शास्त्रज्ञांनी क्षारप्रिय सूक्ष्मजीवांचे कारण दाखवले. त्याच वर्षी ते रामसर यादीत गेले. कारण कळल्याने विस्मय संपत नाही. अद्भुताचा स्थायीभाव विस्मय असे शास्त्र सांगते. पण विस्मय म्हणजे अज्ञान नव्हे. आपल्यापेक्षा मोठ्या, आपल्याला न विचारता चाललेल्या एखाद्या व्यवहारासमोर थांबणे म्हणजे विस्मय.

म्हणूनच तळे बुजणे ही केवळ नागरी हानी नाही. चेरीतालच्या आख्यायिकेत जे दुर्मीळ मूल्य आहे ते असे की राणी आणि दिवाण यांच्या जोडीला एका दासीलाही स्वतःचा सागर मिळाला. इतिहासाच्या ग्रंथांत तिला जागा नाही, पाण्याने तिला जागा दिली. आज पाणी गेले आहे आणि तिचे नाव पत्त्याच्या एका ओळीपुरते उरले आहे. जेथे पाणी नाही तेथे काठ नाही, आणि काठ नसेल तर त्या अनोळखी बुडालेल्यासाठी मागणे कोठे उभे राहून मागायचे?

हे उत्तर देणे वाङ्मयाच्या अधिकारात नाही. परंतु ज्या प्रदेशाने तळ्याला सागर म्हटले, त्या प्रदेशाच्या कथा-कवितांनी निदान तो काठ राखून ठेवला आहे. त्या काठाला आपण पळवाट म्हणत आलो. तेथे जाणारा प्रत्येक जण काहीतरी परत करण्यासाठी किंवा परत मागण्यासाठी जातो, हे एकदा ओळखले म्हणजे अद्भुताच्या वाचनाला खरा आरंभ होतो.